दगडोबाच्या पाठीवरची भेग

लग्न करून ती या घरात आली तेव्हा तिला हाक काय मारायची हा प्रश्न ठकूनंच सोडवला. "आई मला आहेच," ठकू म्हणाली, "तुला मी मावशी म्हणते." तेव्हा ठकू पहिलीत होती, आता पाचवीत गेली होती. मधल्या काळात मावशीनं तिच्या वेण्या घातल्या, तापात तिच्या उशाशी बसली, शाळेच्या नाटकासाठी पुठ्ठ्याचे पंख कापले. तरीही रविवारी सकाळी बेल वाजली की ठकू ज्या वेगानं दाराकडे सुटायची, त्या वेगानं ती मावशीसाठी कधी धावली नव्हती.

दारात ठकूची आई असायची. ती पोहायला शिकवायची. रुंद खांदे, कानापर्यंत कापलेले केस, अंगाला तलावाच्या औषधी पाण्याचा वास. तिचा आणि ठकूच्या बाबांचा घटस्फोट भांड्याला भांडं न लागता झाला होता. तिची कामावर जायची वेळ उजाडायच्या आधीची, म्हणून ठकू बाबांकडे राहिली आणि ठकूबरोबर दगडोबाही राहिला.

दगडोबा म्हणजे ठकूचं कासव. जमिनीवरचं, पितळी वाडगा पालथा घालावा तेवढं, तपकिरी पाठीवर पिवळे किरण असलेलं. ठकू बोबडं बोलत होती तेव्हा आईनं ते तिला आणून दिलं होतं. रविवारी आई यायची ती आधी दगडोबाकडे वळायची. त्याला उचलून खिडकीशी न्यायची, पाठीवरून बोटं फिरवायची, कडेला हलकेच दाबून बघायची.

"टणक आहे. छान," ती म्हणायची. "उघडं ऊन देताय ना? काचेतून आलेलं चालत नाही हं. ऊन आणि कॅल्शियम कमी पडलं की कवच मऊ पडतं."

"देतो," मावशी म्हणायची.

एकदा मावशीनं हौसेनं त्या पाठीला तेल लावून चकचकीत केलं होतं. आईनं बोट फिरवलं, बोटाचा वास घेतला आणि अगदी गोड आवाजात म्हणाली, "तेल नका लावू. मळ धरतो, मग बुरशी येते." ठकू तिथेच उभी होती. तो गोड आवाज मावशीच्या कानात कितीतरी दिवस खुपत राहिला.

रविवार निदान आठवड्यातून एकदा यायचा. फोन मात्र रोजचा. संध्याकाळी ठकू पाय वर घेऊन सोफ्यावर बसायची आणि आईला सगळा अहवाल द्यायची. दगडोबानं काय खाल्लं, कुठे लपला, शी केली की नाही. मावशी स्वयंपाकघरात भाजी परतत ते ऐकायची. भाजी करपली तर दोष गॅसला द्यायची.

"तुला राग कशाचा येतो तेच मला कळत नाही," नवरा म्हणायचा. तो लिफ्ट दुरुस्त करायचा, दिवसभर इमारतींच्या पोटात वर-खाली करून दमून यायचा. "अगं, ती कासवाची चौकशी करते. तुझी नाही."

"तेच तर," मावशी म्हणायची. नवऱ्याला ते कळायचं नाही आणि ती समजावायच्या भानगडीत पडायची नाही.

मावशी दातांच्या लॅबमध्ये कामाला होती. डॉक्टरांकडून साचे यायचे आणि त्यावरून ती कवळ्या आणि कॅप बनवायची. रंग जुळवण्यात तिचा हातखंडा होता. चहानं पिवळे पडलेले दात असोत की सिगारेटनं काळवंडलेल्या हिरड्या, तिनं बनवलेला दात शेजारच्या खऱ्या दातांत असा मिसळून जायचा की ज्याचा त्याला ओळखू येऊ नये.

एका दुपारी लॅबमधली वीज गेली म्हणून ती लवकर घरी आली. ठकू शाळेत होती. मावशीनं कपडे मशीनला लावले आणि बाल्कनी धुवायला काढली. दगडोबा तिथेच उन्हात बसला होता. साबणाच्या पाण्यात त्याचे पाय नकोत म्हणून तिनं त्याला एका पसरट टबात ठेवलं आणि टब वॉशिंग मशीनवर ठेवला. दोन मिनिटांचं तर काम होतं.

मशीननं कपडे पिळायला घेतले आणि ते अंगात आल्यासारखं थरथरू लागलं. मावशी झाडू मारत होती, तिची पाठ होती. टब सरकत सरकत कडेला आला आणि खाली आपटला. मातीचा माठ फुटल्यासारखा आवाज झाला.

दगडोबा उताणा पडला होता. तिनं त्याला सरळ केलं. पाठीवर उजव्या बाजूला करंगळीएवढी भेग पडली होती, कडेचा एक टवका उडाला होता आणि भेगेत रक्ताची बारीक रेघ भरत होती. त्यानं डोकं आणि पाय आत ओढून घेतले होते.

 मावशीच्या मनात पहिला विचार आला तो दगडोबाचा नव्हता. आता ती काय म्हणेल, हा होता. रविवारी ती येणार, त्याला खिडकीशी नेणार, भेगेवरून बोट फिरवणार आणि त्याच गोड आवाजात काहीतरी बोलणार. आणि ठकू बघत असणार.

फोन हातात घेतला होता तो तिनं खाली ठेवला. कापसानं रक्त टिपलं. थोड्या वेळानं दगडोबानं डोकं बाहेर काढलं आणि एक पाऊल टाकलं. बघितलंस, काही झालेलं नाही, तिनं स्वतःला सांगितलं. वरवरचं आहे. कवच म्हणजे शेवटी पाठीवरचं ओझंच की, त्याला कुठे जीव असतो!

तिनं त्याला पिशवीत घालून लॅबमध्ये नेलं. वीज आली होती आणि बाकीचे घरी गेले होते. कवळ्यांसाठी लागणारी अ‍ॅक्रिलिकची पावडर आणि पातळ द्रव एकत्र कालवून तिनं त्यात तपकिरी रंग मिसळला, पिवळ्याचा थेंब टाकला, आणखी एक टाकला. ते भेगेत भरलं, टवक्याची जागा बोटानं घडवली. घट्ट होताना ते गरम व्हायला लागलं तसा दगडोबानं मागचा पाय झटकला. "झालंच, झालंच," ती म्हणाली. मग बारीक पॉलिश कागदानं घासून, पिवळ्या किरणाची तुटलेली रेघ पुन्हा ओढून तिनं त्याला लांब धरून पाहिलं. भेग कुठे होती ते तिला स्वतःलाही शोधावं लागलं.

संध्याकाळी ठकूला काही कळलं नाही. नवऱ्याला तर कासवाला पाय किती ते विचारलं असतं तरी विचार करावा लागला असता.

रविवारी बेल वाजली. ठकू धावली. आईनं दगडोबाला खिडकीशी नेलं आणि मावशी चहाचा ट्रे हातात धरून तशीच उभी राहिली. आईनं पाठीवरून बोटं फिरवली. उजवीकडे बोटं जराशी थांबली. 

"टणक आहे," आई म्हणाली. "काळजी घेताय चांगली. रंगही उजळलाय."

मावशीचा जीव भांड्यात पडला. नुसता पडला नाही, त्या भांड्यात तो आनंदानं नाचला. मोठी आली परीक्षा घेणारी! त्या दिवशी तिनं आईला आग्रह करून दुसरा कप चहा पाजला. आई गेल्यावर भांडी घासताना ती गुणगुणत होती.

पण नंतरच्या आठवड्यात दगडोबानं खाणं कमी केलं. आधी पालेभाजीची देठं टाकली, मग पानंही. एका कोपऱ्यात तोंड घालून तो बसून राहू लागला. ठकू त्याच्यापुढे पालथी पडून त्याला काकडी दाखवायची, तो डोळेही उघडायचा नाही.

"मावशी, याला वास येतोय," एका संध्याकाळी ठकू म्हणाली.

"कासवाला वास येणारच. अंघोळ घालू."

"तसला नाही. घाण वास."

मावशीनं वाकून वास घेतला. कॅपच्या आत दात सडला की येतो तसला वास होता, आणि तो तिच्या चांगल्या ओळखीचा होता. ती काही बोलायच्या आत ठकूनं फोन लावला होता. "आई, तू ये. आत्ता ये."

आई तलावावरून तशीच आली, ओल्या केसांनी. नवरा कुठल्यातरी अडकलेल्या लिफ्टवर होता. तिघी आईच्या गाडीतून प्राण्यांच्या दवाखान्यात गेल्या. दगडोबाचा खोका ठकूच्या मांडीवर होता. सांगावं, आत्ताच सांगावं, असं मावशीला चार वेळा वाटलं. प्रत्येक वेळी समोरच्या आरशात आईच्या कपाळाचा तुकडा दिसायचा आणि तोंडाला कुलूप लागायचं.

डॉक्टरीण बाई तरुण होत्या, बाह्या कोपरापर्यंत वर केलेल्या. त्यांनी दगडोबाला टेबलावरच्या टॉवेलवर ठेवलं, दिवा जवळ ओढला आणि पाठीवर नखानं टकटक केलं. एकीकडे एक आवाज आला, उजवीकडे दुसराच.

"हे कुणी भरलंय?"

आईनं मान वर केली. "काय भरलंय?"

"इथे भेग आहे, वरून बुजवलेली. काम फार सफाईचं आहे." बाईंनी तिघींकडे पाहिलं. "कशानं बुजवलंय आणि किती खोल गेलंय, ते मला कळायला हवं. नाहीतर काढताना आतलं दुखावेल."

खोलीत कुणीतरी बोलायला हवं होतं. "मी," मावशी म्हणाली. "कवळीचं अ‍ॅक्रिलिक आहे. भेगेत अर्धं नख बुडेल एवढं. कडेला जास्त, तिथला तुकडा उडाला होता. माझ्या हातून पडला तो. मशीनवरून."

ठकूनं तिच्याकडे पाहिलं आणि टेबलाच्या पलीकडे, आईच्या बाजूला जाऊन उभी राहिली. दोनच पावलांचं अंतर होतं. मावशीला काळजात सुरी फिरावी तसं झालं.

बाई रागावल्या नाहीत, त्यांना वेळ नव्हता. त्या काम करता करता बोलत होत्या. कवच म्हणजे अंगावर चढवलेली टोपी नव्हे, ते हाडच आहे, वर नखासारखा थर असतो एवढंच. पाठीचा कणा आणि फासळ्या त्यालाच आतून जोडलेल्या असतात. वरून बोटानं खाजवलं तरी त्याला कळतं. आणि भेग पडली की ती झाकायची नसते. धुवायची, मोकळी ठेवायची. आत घाण राहिली आणि वर झाकण बसलं की ती आतच वाढते.

"मग भरलं तेव्हा त्याला दुखलं?" ठकूनं विचारलं.

बाईंनी मावशीकडे न बघता उत्तर दिलं. "हो. दुखलं असणार."

भूल देऊन अ‍ॅक्रिलिक काढलं. खालून घट्ट, चोथ्यासारखा पू निघाला. फुप्फुस तिथून जेमतेम खाली होतं, पण भेग तिथवर पोचलेली नव्हती. रोज जखम धुवायची, मलम लावायचं, कोरडी पट्टी बांधायची, दिव्याच्या उबेत ठेवायचं, अंघोळ अजिबात नाही. एक दिवसाआड पुढच्या पायात इंजेक्शन. जखम स्वच्छ झाली की भेगेच्या दोन्ही अंगांना छोटे हूक चिकटवून ते तारेनं एकमेकांकडे आवळायचे. हाड सांधायला महिने लागतील.

"कुठे ठेवणार?" बाईंनी विचारलं.

"आईकडे," ठकू म्हणाली. "आणि मी पण."

घरी येऊन ठकूनं दप्तर भरलं. नवऱ्याला सगळं कळलं तेव्हा तो डोकं खाजवत म्हणाला, "होतं असं. मुद्दाम का केलंस तू? आणि दोन-तीन आठवडे तुलाही जरा आराम." मावशीला त्याचं डोकं त्याच्याच लिफ्टच्या दारात धरावंसं वाटलं.

घर ओस पडलं. संध्याकाळी फोन वाजत नव्हता, कारण ज्यांनी एकमेकींना फोन करायचा त्या आता एकाच घरात होत्या. मावशीची भाजी करपत नव्हती. ती आपली मनानं चित्रं रंगवत बसायची: आता आई तिची वेणी घालत असेल. हिला कुठे येते वेणी, स्वतःचे केस तर वीतभर नाहीत. आता दोघी मिळून दगडोबाची पट्टी बदलत असतील, ठकू हसत असेल. मध्येच 'मावशीनं काय केलं बघ' म्हणून दोघी मान हलवत असतील.  चूक आपली आहे हे तिला पक्कं ठाऊक होतं. त्यानं जळणं काही कमी होत नव्हतं, उलट रागवायला कुणी उरलं नव्हतं म्हणून ते जास्तच जाळत होतं.

आठवडा सरत आला तेव्हा लॅबमध्ये तिचा फोन वाजला. ठकूची आई.

"तुम्ही येऊ शकाल का?" तो गोड आवाज कुठे गेला कोण जाणे. "मला ते इंजेक्शन जमत नाहीये. दवाखान्यात नेत होते, पण त्याला गाडीत घालून नेणं-आणणं सोसत नाही, डॉक्टरीण बाई म्हणाल्या. त्यांनी शिकवलं मला. पण सुई हातात घेतली की माझा हात लटपटतो. पट्टीसुद्धा ठकूच बांधते. मी तोंड फिरवून उभी राहते. काल ती रडली."

मावशी हातातला साचा तसाच टाकून निघाली.

आईचं घर लहान होतं. दारामागे पोहण्याचे चष्मे टांगलेले, खुर्चीवर टॉवेलांचा ढीग, जेवायच्या टेबलाच्या अर्ध्या भागावर दगडोबाचा खोका आणि त्यावर दिवा. ठकूनं दार उघडलं, "ये," म्हणाली आणि वळली. तिच्या केसांना एक रबर कसंतरी गुंडाळलेलं होतं. मावशीला आधी वाईट वाटलं आणि लगेच, लाज वाटावी इतका आनंद झाला.

तिनं हात धुतले. पट्टी सोडली. जखम ओंगळ दिसत होती, पण वास गेला होता. सलाइननं धुताना तिचा हात हलला नाही, बारीक काम ती रोज करत होती. ठकूनं दगडोबाचा पुढचा पाय अलगद बाहेर काढून धरला आणि मावशीनं सुई टोचली. दगडोबानं फुस्स केलं.

"तू सांगितलं का नाहीस?" ठकू पायाकडे बघतच म्हणाली.

"तुझ्या आईला कळू नये म्हणून."

"आई काय मारणार होती तुला?"

"नाही गं. तिच्यापुढे माझं काही चुकायला नको होतं. तुझ्यासमोर तर नकोच."

"पण त्याला दुखत होतं."

"हो," मावशी म्हणाली. "ते मी बघितलंच नाही. मी तिच्याकडेच बघत बसले."

आई दाराच्या चौकटीला टेकून उभी होती, सुईकडे पाठ करून. तिनं सगळं ऐकलं होतं.  मग म्हणाली, "त्या रविवारी माझं बोट अडलं होतं तिथे. मला खडबडीत लागलं होतं काहीतरी."

"मग बोलला का नाहीत?"

"तेलाचं बोलले होते तेव्हा ठकू आठवडाभर माझ्यावर रुसली होती. मावशीला का बोललीस म्हणून." आईनं नाकावरून हात फिरवला. "वाटलं, पुन्हा कशाला वाईटपणा घ्या. आणि तुझा चहा घेऊन गप्प बसले."

दोघींनाही त्या 'तुझा'ची चाहूल लागली, पण कुणी तो दुरुस्त केला नाही.

मग मावशी एक दिवसाआड येऊ लागली. मधल्या दिवशी पट्टी आई बांधायची, आता तोंड न फिरवता. सगळं सुरळीत झालं असं म्हणता येणार नाही. पट्टी किती घट्ट यावरून दोघींचं वाजलं. दिवा किती उंच यावरून वाजलं. एकदा आईनं ठकूला पोहायच्या स्पर्धेला नेलं आणि मावशीला कळवायचं विसरली, तेव्हा मावशी बंद दारापुढे औषधाची पिशवी घेऊन उभी राहिली आणि तिच्या अंगाचा तिळपापड झाला. दुसऱ्या दिवशी तिनं ठकूच्या दोन घट्ट वेण्या घातल्या, आईच्या नाकासमोर, अगदी सावकाश.

जखम स्वच्छ झाल्यावर डॉक्टरीण बाईंनी हूक चिकटवले आणि तार आवळली. दगडोबा एखादा जुना खोका बांधावा तसा दिसू लागला. काही दिवसांनी त्यानं पान तोडून खाल्लं आणि ठकूनं त्याच क्षणी दोघींना हाका मारल्या, कुणाला आधी मारली ते दोघींनीही नीट ऐकलं. शाळा जवळ पडते म्हणून ठकू मावशीकडे परत आली, दगडोबा तिच्या मागोमाग आला. मेलेल्या हाडाची एक खपली पुढे आपोआप गळून पडली. खाली नवं, फिकट, कोवळ्या नखासारखं काहीतरी धरत होतं.

हूक काढायला त्या पुन्हा तिघीच गेल्या. तिथे एक उंचवटा कायमचा राहणार होता. "दिसायला काही खास नाही," बाई म्हणाल्या, "पण पक्कं आहे."

परतताना ठकू पुढे आईशेजारी बसली आणि सबंध रस्ताभर तिच्याशीच बोलत होती. मावशी मागे, खोका मांडीवर घेऊन. ते ओळखीचं जळणं पुन्हा सुरू झालंच. सिग्नलला गाडी थांबली तेव्हा ठकू दुकानातले पतंग मोजत होती. आईनं मान मागे वळवली आणि आवाज खाली आणला.

"काल फोनवर ही मला काय म्हणाली माहितीये? 'तुझी पट्टी सैल असायची, मावशीची बरोबर असायची.' मी एवढा हात लटपटत बांधायची, आणि हे!" ती हसत होती, पण हसू काही डोळ्यांपर्यंत गेलं नव्हतं. "झोप नाही आली मला."

"लहान आहे. बोलते काहीतरी," मावशी म्हणाली.

तिनं चेहरा खिडकीकडे वळवला. मनातल्या मनात ती ठकूचं ते वाक्य पुन्हा ऐकत होती, आणि घर येईपर्यंत ऐकत राहिली.